फायलीतला माणूस वकिलातीत शोभेल का?

पत्र:

मॅडम, वय ३६. नागपुरात केंद्र सरकारच्या एका हिशेब खात्यात राजपत्रित अधिकारी आहे. परदेशातल्या एका भारतीय वकिलातीत तीन वर्षांच्या प्रतिनियुक्तीसाठी माझं नाव पुढे गेलंय. महिन्याभरात होकार-नकार कळवायचा आहे. मी फायलीत रमणारा माणूस. चार अनोळखी लोकांत उभं राहून बोलायची वेळ आली की घशाला कोरड पडते. आमचे साहेब म्हणतात, ‘जा खुशाल, परत याल तेव्हा इथे तुम्हाला कुणी ओळखणार नाही.’ पत्नी वर्ध्याला शिक्षिका आहे, मुलगी तिसरीत. आणखी एक गोष्ट आतून टोचते. सरकारचं म्हणणं मला पटलं नाही तरी तेच हसतमुखाने मांडावं लागेल ना? इंग्रजांचे सनदी नोकर कचेरीतून उठून थेट राजदरबारात वकील म्हणून जायचे, असं वाचलंय. त्यांच्यात असं काय होतं, जे माझ्यात नाही?
– एक फायलवाला, नागपूर

उत्तर:

नमस्कार. तुमच्या शेवटच्या प्रश्नापासून सुरुवात करते, कारण त्याचं उत्तर शोधताना नागपूर टाळून जाता येत नाही. १८०४ साली भोसल्यांच्या दरबारात इंग्रजांचा रेसिडेंट, म्हणजे दरबारात कायम राहणारा कंपनीचा वकील म्हणून पंचविशीच्या उंबरठ्यावरचा एक तरुण येऊन बसला. माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन. मूळचा ईस्ट इंडिया कंपनीचा मुलकी नोकर, म्हणजे तुमच्याच जातकुळीचा.

नाव वाचून कपाळाला आठी पडली असेल तर पडू द्या. पेशवाई बुडवणाऱ्याकडून मराठी माणसाने नोकरीचे धडे घ्यायचे का, असं पुण्याचे काही वाचक मला लिहिणारच आहेत. पण तुम्हाला आतून जे टोचतंय, त्याच्याबद्दल बोलायला हाच माणूस बरा. साधुसंतांच्या चरित्रांतून वकिलातीचं काम कळत नाही. (आणि मुंबईचं एल्फिन्स्टन रोड स्टेशन, आताचं प्रभादेवी, याच्या नावाचं नव्हतं. ते १८५३ ते १८६० या काळात मुंबईचा गव्हर्नर असलेल्या त्याच्या पुतण्याच्या नावाचं. कॉलेज मात्र याचंच.)

हा स्कॉटलंडमधल्या एका लॉर्डचा चौथा मुलगा. घराणं मोठं, पण चौथ्या मुलाच्या वाट्याला त्यातलं काही येत नसे. चुलता कंपनीच्या संचालक मंडळावर होता, त्याच्या वशिल्याने बंगालच्या मुलकी सेवेत जागा मिळाली. १७९६ मध्ये कलकत्त्याला उतरला तेव्हा वय १६. शाळा अर्धवट सुटलेली. कंपनीत सगळ्यात खालच्या पायरीला ‘राइटर’ म्हणत आणि काम नावाप्रमाणेच होतं: नकला करा, नोंदी ठेवा, पत्रं लिहा. त्याची नेमणूक बनारसला झाली, तिथल्या कचेरीत मदतनीस म्हणून.

१४ जानेवारी १७९९ रोजी अवधचा पदच्युत नवाब वझीर अली याने बनारसमध्ये इंग्रज रेसिडेंटला ठार केलं. एल्फिन्स्टनचे वरिष्ठ सॅम्युअल डेव्हिस यांनी बायकामुलांना गच्चीवर पाठवलं आणि स्वतः हातात भाला घेऊन जिना अडवून धरला. एल्फिन्स्टनही त्या दिवशी जेमतेम वाचला. तेव्हा कचेरीचं काम म्हणजे सुखासुखी टेबलावर बसणं, असं त्या काळातही नव्हतं. पण या प्रसंगाने त्याचा मुत्सद्दी झाला असं कुणी सांगितलं तर विश्वास ठेवू नका. बनारसमध्ये त्याने जे रोज केलं त्याने तो झाला. फारसी शिकला. हाती पडेल ते वाचलं. शाळेत राहून गेलेलं ग्रीक आणि लॅटिन पुढे आयुष्यभर स्वतःच भरून काढलं. आणि रोजनिशी लिहिली. तीत स्वतःच्या आळसाबद्दल, उदासीबद्दल इतकं सापडतं, की हा माणूस आत्मविश्वासाने ओसंडत होता असं म्हणणं अवघड.

१८०१ मध्ये त्याला मुलकी कामातून काढून राजकीय शाखेत घेतलं आणि पुण्याला, बाजीराव दुसऱ्याच्या दरबारातला रेसिडेंट कर्नल बॅरी क्लोज याचा मदतनीस म्हणून पाठवलं. तुम्ही विचारता ती ‘कचेरीतून उठून दरबारात’ जाण्याची घटना ती हीच. यात कसलीही जादू नव्हती. कंपनीला दरबारांत बसवायला माणसं हवी होती. काही ती सैन्यातून घेई, क्लोज आणि माल्कम तसे आले. काही मुलकी सेवेतून घेई. पुण्यातला पहिला रेसिडेंट चार्ल्स मॅलेट मुलकीच होता. आणि १८०८ मध्ये रणजितसिंहांकडे पाठवलेला चार्ल्स मेटकाफही मुलकीच. त्याचं वय तेव्हा २३. मुलकीवाल्यांकडून अपेक्षा एकच असायची: दरबारात जे दिसलं, ऐकलं, त्याचा खरा आणि नीट लिहिलेला अहवाल. चतुर बोलणारे कंपनीकडे रग्गड होते.

पुण्याला पोचल्यावर वर्षभरातच त्याने जे पाहिलं ते कुठल्याच प्रशिक्षणात बसणारं नव्हतं. २५ ऑक्टोबर १८०२ रोजी यशवंतराव होळकरांनी हडपसरजवळ पेशवे आणि शिंदे यांच्या फौजेचा धुव्वा उडवला. बाजीराव पळाला आणि ३१ डिसेंबरला वसईत त्याने इंग्रजांची तैनाती फौज पत्करली. पुढच्या वर्षी युद्ध झालं. आर्थर वेलस्ली, पुढचा ड्यूक ऑफ वेलिंग्टन, याच्या तळावर राजकीय मदतनीस म्हणून जॉन माल्कम असायचा होता. तो आजारी पडला, त्याच्या जागी एल्फिन्स्टन गेला. असईला होता, आडगावला होता, गाविलगडावरही होता. वेलस्लीने त्याला नंतर सांगितलं की तुम्ही चुकीच्या धंद्यात पडलात, तुम्ही सैनिक व्हायला हवं होतं. कौतुक मोठंच. पण त्याने धंदा बदलला नाही. बक्षीस म्हणून नागपूरची रेसिडेन्सी मिळाली ती घेतली.

नागपूरची ती नेमणूक तुमच्यासारख्या लाजाळू माणसाने मुद्दाम पाहावी. दुसऱ्या रघूजींनी १७ डिसेंबर १८०३ च्या देवगावच्या तहात कटक इंग्रजांना आणि वर्धा नदीच्या पश्चिमेचा मुलूख निजामाला सोडून दिला होता. अर्धं राज्य गेलेल्या दरबारात, ते घेणाऱ्यांचा माणूस म्हणून जाऊन बसायचं. त्याला कोण हसून बोलवणार? १८०८ पर्यंत तो तिथे होता. मोठं असं काही घडलं नाही, आणि घडलं नाही हेच त्या कामाचं यश होतं. रिकाम्या वेळात त्याने ग्रंथ वाचून काढले. वकिलातीत जाणाऱ्यांना कुणी सांगत नाही, पण तिथल्या कामाचा बराचसा भाग असाच असतो: नको असलेल्या ठिकाणी रोज वेळेवर हजर राहणं, न चिडणं आणि लिहीत राहणं. चारचौघांत बोलण्याची ज्याला हौस आहे तो अशा जागी सहा महिन्यांत कंटाळतो. तुम्ही कंटाळणार नाही, असं तुमच्या पत्राच्या अक्षरावरून वाटतं. (हाताने लिहिलेलं पत्र आता महिन्याला एखादंच येतं.)

बोलघेवडेपणाचा मुद्दा इथेच संपवते, त्यासाठी काही वर्षं पुढे जाऊ या. १८१७ चा उन्हाळा. एल्फिन्स्टन तेव्हा पुण्याचा रेसिडेंट, मुळा-मुठेच्या संगमावर त्याचा बंगला. जूनमध्ये त्याने बाजीरावाकडून नवा तह लिहून घेतला होता आणि त्यात मराठी सरदारांवरचं पेशव्याचं प्रमुखपणही सोडायला लावलं होतं. ऑगस्टमध्ये माल्कम साताऱ्याजवळ माहुलीला बाजीरावाला भेटला. माल्कम म्हणजे गप्पिष्ट, हसरा, जिथे जाईल तिथे दहा मिनिटांत मैत्री जोडणारा गडी, इराणच्या शहाच्या दरबारातही जाऊन आलेला. तुम्ही ‘वकिलातीचा माणूस’ म्हणून डोळ्यांसमोर जो आणता, तो अगदी हाच. बाजीराव त्याच्याशी मोकळेपणाने, गहिवरून बोलला. माल्कम विरघळला. पेशवा पेंढाऱ्यांविरुद्ध आपल्याला मनापासून मदत करणार, त्याला फौज उभी करू द्या, असं त्याचं मत झालं. तारण म्हणून घेतलेले सिंहगड, पुरंदर आणि रायगड परत दिले गेले. एल्फिन्स्टनला त्या गहिवराचा भरवसा वाटत नव्हता. तो सहा वर्षं त्याच माणसासमोर बसत होता आणि रोजची टिपणं त्याच्यापाशी होती. ५ नोव्हेंबरला खडकीची लढाई झाली, तेव्हा दोघांपैकी कोण बरोबर होतं हे कळलं.

म्हणून घशाची कोरड हे काही नकाराचं कारण नाही. पाहुण्यांच्या गर्दीत पाच वाक्यं बोलायला माणूस तीन महिन्यांत शिकतो. समोरच्याच्या गोड बोलण्याला न भुलण्याची सवय मात्र फायलींतूनच लागते. हिशेब खात्यात तुम्ही आजवर काय केलंत? जोडलेली पावती आणि केलेला दावा जुळतो का, हे पाहिलंत. तेच करायला तुम्हाला पाठवताहेत.

फार जुनं उदाहरण वाटत असेल तर विसाव्या शतकातलं एक देते, थोडक्यात. ऑलिव्हर फ्रँक्स हा ग्लासगो विद्यापीठातला तत्त्वज्ञानाचा प्राध्यापक. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटनच्या पुरवठा मंत्रालयात कामाला लागला आणि बघता बघता तिथल्या सर्वोच्च सनदी पदावर पोचला. युद्धसामग्रीचं उत्पादन आणि वाटप, दिवसभर आकडेच आकडे. १९४७ मध्ये मार्शल योजनेसाठी युरोपीय देशांची पॅरिसला परिषद भरली, तिचं अध्यक्षपद त्याच्याकडे आलं, आणि १९४८ ते १९५२ तो वॉशिंग्टनमध्ये राजदूत होता. नाटो कराराच्या वाटाघाटी त्याच काळातल्या. कुणाला काय आणि किती लागतं याचे आकडे माहीत असलेला माणूस वाटाघाटीच्या टेबलावर फार उपयोगी पडतो, एवढंच यातून घ्या.

आता एल्फिन्स्टनची काबूलची स्वारी. १८०८ मध्ये कलकत्त्याला भीती होती की नेपोलियन इराणमार्गे हिंदुस्थानावर येईल. म्हणून माल्कमला इराणकडे, मेटकाफला लाहोरकडे आणि एल्फिन्स्टनला काबूलच्या शाह शुजाकडे पाठवलं. तो ऑक्टोबरमध्ये दिल्लीहून निघाला, बिकानेर, बहावलपूर, मुलतान करत फेब्रुवारी १८०९ मध्ये पेशावरला पोचला. शहाचा मुक्काम हिवाळ्यात तिथे असे. शहाच्या दंडावर कोहिनूर बांधलेला त्याने पाहिला. जूनमध्ये तह झाला. आणि तहाची शाई वाळते न वाळते तोच शाह शुजाचं राज्यच गेलं! भावाने त्याला हाकलून दिलं. नेपोलियनही आला नाही. सरकारी भाषेत सांगायचं तर खर्च पडला, फलनिष्पत्ती शून्य.

पण वाटेत आणि पेशावरच्या मुक्कामात त्याने काय केलं? बरोबरच्या माणसांना विषय वाटून दिले. एकाने भूगोल आणि नकाशा सांभाळायचा, एकाने हवा-पाणी आणि पिकं, एकाने व्यापार. स्वतःकडे त्याने माणसं घेतली: टोळ्या, त्यांचे कायदे, रीतीभाती. भेटेल त्या व्यापाऱ्याला, मुल्लाला, वाटसरूला विचारायचं आणि उत्तरं एकमेकांशी पडताळून पाहायची. त्यातून १८१५ मध्ये काबूलच्या राज्यावर जो जाडजूड ग्रंथ निघाला, तो कित्येक दशकं त्या प्रदेशावरचा सगळ्यात भरवशाचा आधार होता. गंमत म्हणजे या माणसाने काबूल शहर कधी पाहिलंच नाही, पेशावरच्या पुढे तो गेलाच नव्हता. त्या ग्रंथात एका म्हाताऱ्या अफगाणाचं बोलणं आहे. एल्फिन्स्टन त्याला बलवान राजाखाली मिळणाऱ्या शांततेचे फायदे समजावत होता. म्हातारा म्हणाला, आम्हाला भांडणं चालतील, धास्ती चालेल, रक्तही चालेल, पण धनी चालणार नाही. असं वाक्य लिहून ठेवायला आधी ऐकून घ्यावं लागतं, तेही आपला मुद्दा खोडला जात असताना.

या वाक्याचा तुमच्या टोचणीशी संबंध आहे. १८३८ मध्ये कलकत्त्याच्या सरकारने ठरवलं की तीस वर्षांपूर्वी पळालेल्या त्याच शाह शुजाला सैन्य नेऊन काबूलच्या गादीवर पुन्हा बसवायचं. एल्फिन्स्टन तोवर निवृत्त होऊन इंग्लंडात होता. त्याने अलेक्झांडर बर्न्स या कंपनीच्या राजकीय अधिकाऱ्याला पत्र लिहिलं. त्याचा आशय असा: एवढी फौज बोलन घाटातून नेऊन पोसता आली तर कंदाहार घ्याल, काबूलही घ्याल, शुजाला बसवाल. पण त्या गरीब, थंड, दूरच्या मुलखात, अशा लोकांमध्ये त्याला टिकवून धरणं मला तरी अशक्य दिसतं. कुणी ऐकलं नाही. जानेवारी १८४२ मध्ये काबूलहून माघार घेणारं ते सैन्य बर्फात आणि खिंडींत जवळपास सगळं गारद झालं. सेनापती होता जनरल विल्यम एल्फिन्स्टन, याचाच चुलतभाऊ. बर्न्स त्याआधीच काबूलमध्ये मारला गेला होता.

सरकारचं न पटणारं म्हणणं मांडावं लागेल का? लागेल. बाहेर तुम्ही बोलता ते सरकार बोलतं, तिथे तुमच्या खासगी मताला जागा नाही, आणि समोरच्यालाही हे ठाऊक असतं. तो तुम्हाला खोटारडा समजत नाही, वकील समजतो. पण प्रत्येक वकिलातीतून एक दुसरा कागदही जातो, आपल्याच सरकारला. त्यात मात्र तुम्ही स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेलं लिहायचं असतं. तिथे वरच्यांना जे ऐकायचंय ते लिहिलंत, तर मग तुमची टोचणी खरी. या नोकरीत लबाडी कुठे होते असं विचाराल तर मी त्या दुसऱ्या कागदाकडे बोट दाखवेन. पाहुण्यांसमोरच्या हसण्यात तिचं प्रमाण फार थोडं.

इथे एल्फिन्स्टनची सोपी आरती ओवाळून मी सुटणार नाही. पुण्यात त्याने जे केलं ते मैत्रीचं नव्हतं. १८११ मध्ये रेसिडेंट होऊन आल्यावर त्याने पहिलं काम केलं ते मध्यस्थाला दूर करण्याचं. क्लोजच्या वेळी दरबार आणि रेसिडेन्सी यांच्यातलं बोलणं खुश्रूशेट मोदींमार्फत चाले, याने थेट भेटीगाठी सुरू केल्या. कामाच्या दृष्टीने शहाणपणच, पण बाजीरावाभोवतीचा फास आवळला गेला तोही त्यातूनच. शनिवारवाड्यातली कुजबूज संगमावर पोचायला वेळ लागत नसे. जुलै १८१५ मध्ये गायकवाडांचे वकील गंगाधरशास्त्री पटवर्धन यांचा पंढरपुरात खून झाला. शास्त्री इंग्रजांच्या हमीवर आले होते. एल्फिन्स्टनने त्रिंबकजी डेंगळ्याला आरोपी धरलं आणि तो ताब्यात मिळेपर्यंत बाजीरावाला सोडलं नाही. त्रिंबकजी ठाण्याच्या किल्ल्यातून पुढच्या वर्षी निसटला, ती कथा तुम्ही शाळेत ऐकली असेलच. त्यानंतर प्रत्येक कागद आधीच्यापेक्षा कडक होत गेला. बाजीराव नालायक होता हे खरंच, पण त्याला कोपऱ्यात ढकलणारा हात याचाच होता. खडकीच्या दिवशी संगमाचा बंगला पेटला, त्यात एल्फिन्स्टनची पुस्तकं आणि टिपणं जळाली. मला पुस्तकांचं वाईट वाटतं. त्याच्याबद्दल वाटत नाही.

पेशवाई गेल्यावर तोच दख्खनचा कमिशनर झाला. आपल्याविरुद्ध कट उघड झाला तेव्हा म्होरक्यांना त्याने तोफेच्या तोंडी दिलं. त्याच हाताने त्याने पंचायती, इनामं, वतनं शक्य तितकी जशीच्या तशी ठेवली, बंगालचे कायदे इथे आणून लादले नाहीत, साताऱ्याला प्रतापसिंह महाराजांना गादीवर बसवलं. पेशवे ब्राह्मणांना वाटत त्या दक्षिणेच्या पैशांतून १८२१ मध्ये विश्रामबागवाड्यात संस्कृत पाठशाळा निघाली, पुढचं डेक्कन कॉलेज तिच्यातूनच वाढलं. १८१९ चा त्याचा अहवाल वाचलात तर मराठी मुलखाची गावगाड्यापासूनची इतकी बारीक माहिती आहे, की आपल्या अभ्यासकांना आजही तो उघडावा लागतो. जिंकलेल्याने लिहिलेला कागद आहे, पण नीट पाहून लिहिलेला आहे. एकाच माणसात हे दोन्ही कसं राहतं, हे मला पूर्ण उलगडलेलं नाही. तुमच्यामागे पलटण नसेल आणि तुम्हाला कुणाचं राज्य घ्यायचं नाही, त्यामुळे तुमची परीक्षा पुष्कळ सोपी असेल. तरी ज्याच्याबरोबर जेवता त्याच्याबद्दलच रात्री अहवाल लिहायचा, हा पेच छोट्या प्रमाणात तुम्हालाही भेटेल. तो आधीच माहीत असलेला बरा.

आता साहेबांच्या टोमण्याबद्दल. मागे पडण्याची भीती त्या लोकांनाही होती. १८१९ मध्ये मुंबईचं गव्हर्नरपद रिकामं झालं, तेव्हा माल्कमला ते आपलंच वाटत होतं. तो दहा वर्षांनी मोठा, मोहिमा जास्त, ओळखी जास्त. पद मिळालं चाळिशीतल्या एल्फिन्स्टनला. माल्कमला ते फार लागलं. दोघांची मैत्री टिकली आणि १८२७ मध्ये एल्फिन्स्टन गेल्यावर माल्कम गव्हर्नर झाला, आठ वर्षं उशिरा. दोनशे वर्षांनी या आठ वर्षांची पर्वा फक्त इतिहासाच्या परीक्षार्थींना आहे. एल्फिन्स्टनचं स्वतःचं म्हणाल तर निवृत्तीनंतर त्याला गव्हर्नर-जनरलपद देऊ केलं गेलं, एकदा नव्हे, दोनदा. दोन्ही वेळा तो नाही म्हणाला आणि सरे परगण्यातल्या घरात हिंदुस्थानच्या इतिहासाचा ग्रंथ लिहीत बसला. तो १८४१ मध्ये निघाला. तुम्ही त्याच्यासारखे विरक्त व्हा असं मी सांगत नाही, तुम्हाला मुलगी वाढवायची आहे. पण पदोन्नतीचा हिशेब ज्येष्ठता यादीतून होतो, साहेबांच्या आठवणीतून होत नाही. तुमची ज्येष्ठता आणि मूळ पदावरचा हक्क, ज्याला कचेरीत लिएन म्हणतात, तो प्रतिनियुक्तीत कायम राहतो की नाही, हे प्रशासन शाखेकडून लेखी घ्या. तोंडी ‘काही काळजी करू नका’ यावर अजिबात जाऊ नका. हिशेब खात्यातल्या माणसाला हे मी सांगायला नको.

कुटुंबाच्या बाबतीत एल्फिन्स्टनचा उपयोग शून्य, त्याने लग्नच केलं नाही. तिथे माझं साधं मत असं: तिसरीतली मुलगी तीन वर्षांत दुसरी भाषा शिकून येईल आणि परत आल्यावर सहावीत बसेल, हा काळ हलवण्यासाठी वाईट नाही. नववी-दहावीत अडचण झाली असती. अवघड प्रश्न पत्नीच्या नोकरीचा आहे. तुमच्या पत्रात त्या फक्त ‘वर्ध्याला शिक्षिका’ एवढ्याच आहेत. त्यांचं म्हणणं काय, हे एका ओळीतही नाही. त्यांना बिनपगारी रजा मिळते का, मिळाली तर सेवा खंडित धरतात का, आणि मुळात त्यांना तीन वर्षं वर्ग सोडून राहायचं आहे का, हे तुम्ही विचारलंत का? साहेबांना विचारण्याआधी हे विचारायला हवं होतं.

माझ्या मते तुम्ही होकार द्यावा. नकार द्यायचा तर पत्नीच्या उत्तरावरून द्या, घशाच्या कोरडीवरून नको. होकार दिलात तर निघेपर्यंतच्या काळात त्या देशाची भाषा सुरू करा, बाजारात भाव विचारण्याइतकी का होईना. तिथल्या गेल्या दहा वर्षांच्या अर्थसंकल्पांचे आकडे तुम्ही वाचालच, ते सांगायला नको. पोचल्यावर पहिल्या दिवसापासून एक वही ठेवा: कोण भेटलं, काय म्हणालं आणि तेच दुसऱ्याने कसं सांगितलं. गोपनीय काही त्यात उतरवू नका, वहीही घरी नेऊ नका. नियम काय आहे ते तिथला सुरक्षा अधिकारी सांगेल.

कळवायला महिना आहे म्हणता. लिएनचं पत्र यायलाच तीन आठवडे लागतील, तेव्हा अर्ज सोमवारी टाका. आणि या रविवारी वर्ध्याला जाऊन या.